प्रस्तावना : कागदावर उतरलेली साक्ष

१९८६ सालच्या मार्चमध्ये राजस्थानातल्या एका खेड्यात एक लहान मुलगी बेशुद्ध, रक्तस्राव होत असलेल्या अवस्थेत सापडली. खटला उभा राहिला तेव्हा तिला साक्षीला बोलावले. घटनेबद्दल विचारले की ती गप्प राही. पुन्हा विचारले की तिच्या डोळ्यांतून पाणी येई. याहून अधिक काही तिच्याकडून आले नाही. सत्र न्यायालयाने डॉक्टरांची साक्ष, तिला त्या अवस्थेत पाहणाऱ्याची साक्ष आणि बाकीची परिस्थिती एकत्र जोडून पाहिली आणि १९८७ मध्ये आरोपीला सात वर्षांची शिक्षा दिली. उच्च न्यायालयातले अपील निकाली निघाले ते थेट २०१३ मध्ये, आणि तिथे आरोपी सुटला. मुलीने स्वतः काहीच सांगितले नाही, हे त्यामागचे एक मोठे कारण होते. १८ मार्च २०२५ रोजी सर्वोच्च न्यायालयाने तो निकाल फिरवला आणि शिक्षा कायम केली. धक्क्याने गप्प झालेल्या मुलाचे मौन मोठ्या माणसाच्या मौनाच्या मापाने मोजता येत नाही, तिच्या आसवांचा फायदा आरोपीला देता येत नाही, आणि बाकीचा पुरावा भक्कम असेल तर मुलाच्या तोंडून शब्द यायलाच हवा असे नाही, असे न्यायमूर्ती विक्रम नाथ आणि न्यायमूर्ती संजय करोल यांच्या पीठाने सांगितले. तोवर घटनेला ३९ वर्षे झाली होती.

तीन न्यायालयांनी पाहिलेला पुरावा एकच होता. त्यात नवे काही आले नव्हते, जुने काही गळाले नव्हते. तरी निकाल दोनदा बदलला. असे का होते, आणि कोणत्या कसोट्यांवर होते, हा या पुस्तकाचा विषय आहे. अल्पवयीन मुलामुलींवरच्या गुन्ह्यांत खालच्या न्यायालयाचा निकाल लागल्यावर वरची न्यायालये पुरावा कसा तोलतात, हे मराठी वाचकापुढे सोप्या भाषेत आणि निकालांच्या आधारे मांडण्याचा हा प्रयत्न आहे. पुढल्या प्रकरणांत शिरण्याआधी वाचकाला जी पार्श्वभूमी लागेल, ती या प्रस्तावनेत देतो.

पहिली गोष्ट, अपिलात मूल नसते. उच्च न्यायालयाच्या न्यायमूर्तींसमोर असते ते पेपरबुक : फिर्याद, पंचनामे, वैद्यकीय अहवाल, रासायनिक विश्लेषकाचा अहवाल, शाळेचा दाखला, साक्षीदारांचे सरतपास आणि उलटतपास, आणि शेवटी सत्र न्यायाधीशांचा निकाल. मूल कसे बोलले, कुठे अडखळले, कोणत्या प्रश्नाला आईकडे पाहत राहिले, हे कागदावर उतरले असेल तरच वर पोहोचते. दंड प्रक्रिया संहितेच्या कलम २८० मध्ये साक्षीदाराच्या वागण्याबद्दल न्यायाधीशाला काही महत्त्वाचे वाटले तर ते नोंदवून ठेवायला सांगितले होते. राजस्थानातल्या त्या मुलीचे रडणे चार दशकांनी दिल्लीत विचारात घेतले गेले, कारण खालच्या न्यायाधीशाने ते त्याच दिवशी लिहून ठेवले होते.

कागदाची आणखी एक अडचण आहे. सत्र न्यायालयात साक्ष सहसा प्रश्नोत्तरांच्या रूपात लिहिली जात नाही. प्रश्न आणि उत्तर मिळून एक सलग विधान तयार होते. वकिलाने विचारले, ‘तू त्या दिवशी दुकानात गेली नव्हतीस, हे खरे ना?’ आणि मुलीने नुसती मान हलवली, तर कागदावर उमटते : ‘मी त्या दिवशी दुकानात गेले नव्हते हे खरे आहे.’ मान कोणत्या प्रश्नाला हलली, प्रश्न समजला होता का, होकार होता की गोंधळ, हे सगळे त्या एका वाक्यात पुसले जाते. गरज वाटेल तिथे प्रश्न आणि उत्तर जसेच्या तसे लिहून घेण्याची मुभा कायद्याने न्यायाधीशाला दिलेली आहे. लहान मुलाच्या साक्षीत ती वापरली गेली की वरच्या न्यायालयाचे काम निम्मे सोपे होते. त्यात मूल घरी गोंडी, कोरकू किंवा पावरी बोलणारे असेल, साक्ष मराठीत लिहिली गेली असेल आणि अपिलासाठी तिचे इंग्रजी भाषांतर झाले असेल, तर मुलाचे मूळ शब्द आणि न्यायमूर्तींच्या हातातला कागद यांत किती अंतर पडत असेल, याचा विचार वाचकाने जरूर करावा.

अपील म्हणजे खटला नव्याने चालवणे नव्हे, पण ते नुसते शिक्कामोर्तबही नव्हे. शिक्षेविरुद्ध आरोपी अपील करतो तेव्हा उच्च न्यायालयाने सगळा पुरावा स्वतः पुन्हा तपासायचा असतो. सुटकेविरुद्धच्या अपिलातही तेवढाच अधिकार असतो, हे प्रिव्ही कौन्सिलने १९३४ मध्ये शिव स्वरूप प्रकरणात सांगून ठेवले. मात्र साक्षीदाराला प्रत्यक्ष पाहणाऱ्या न्यायाधीशाच्या मताला वजन द्यावे, आणि आरोपी निर्दोष असल्याचे गृहीतक सुटकेमुळे अधिक बळकट झाले आहे हे ध्यानात ठेवावे, असेही त्याच निकालात आहे. २००७ च्या चंद्रप्पा विरुद्ध कर्नाटक राज्य या निकालात सर्वोच्च न्यायालयाने ही तत्त्वे एकत्र मांडली : पुराव्यातून दोन वाजवी मते निघत असतील आणि खालच्या न्यायालयाने त्यांतले आरोपीच्या बाजूचे मत घेतले असेल, तर केवळ आपले मत वेगळे आहे म्हणून सुटका रद्द करू नये. सगळा वाद ‘वाजवी’ या शब्दापाशी येतो. मूल मोठ्या माणसासारखे वागले नाही म्हणून त्याच्यावर अविश्वास दाखवणे हे वाजवी मत आहे का? गेल्या सत्तर वर्षांच्या निकालांचा प्रवास हा या प्रश्नाच्या उत्तराचा प्रवास आहे.

त्याची सुरुवात १९५१ च्या डिसेंबरात झाली, असे म्हणता येईल. रामेश्वर विरुद्ध राजस्थान राज्य या खटल्यात पीडित मुलगी आठ वर्षांची होती. शपथेचे गांभीर्य तिला कळत नाही म्हणून तिला शपथ दिली गेली नव्हती. घटनेनंतर चारेक तासांनी तिने आईला सगळे सांगितले होते. एका न्यायालयाने शिक्षा दिली. वरच्या सत्र न्यायाधीशांना मुलगी खरे बोलते आहे असे मनोमन पटले, पण तिच्या बोलण्याला दुजोरा नाही म्हणून त्यांनी आरोपीला सोडले. उच्च न्यायालयाने शिक्षा पुन्हा दिली आणि प्रकरण सर्वोच्च न्यायालयात आले. निकाल लिहिला न्यायमूर्ती व्हिव्हियन बोस यांनी, जे त्याआधी नागपूरच्या उच्च न्यायालयाचे मुख्य न्यायमूर्ती होते. त्यांनी दोन गोष्टी कायमच्या निकाली काढल्या. शपथ दिली नाही म्हणून मुलाची साक्ष अग्राह्य ठरत नाही; फार तर तिच्या वजनाचा विचार करावा लागतो. आणि दुजोरा हवाच असा कायद्याचा दंडक नाही. तो सावधगिरीचा नियम आहे, न्यायाधीशाच्या मनात तो जागा असला पाहिजे, पण प्रकरण पाहून दुजोऱ्याशिवायही शिक्षा देता येते. मुलीने आईला लगेच सांगितले, हेच या प्रकरणात दुजोऱ्यासाठी पुरेसे धरले गेले. पुढच्या असंख्य अपिलांमध्ये ‘घरी आल्यावर मुलाने प्रथम कोणाला, किती वेळाने, काय सांगितले’ हा प्रश्न इतका महत्त्वाचा का ठरला, त्याचे मूळ इथे आहे.

तत्त्व घालून दिले म्हणून ते रुजतेच असे नाही. १९७२ च्या मार्चमध्ये चंद्रपूर जिल्ह्यातल्या देसाईगंज पोलीस चौकीत एका अनाथ आदिवासी मुलीवर पोलिसांनी अत्याचार केल्याची तक्रार झाली. डॉक्टरांनी तिचे वय १४ ते १६ असे सांगितले. ती सोळाच्या आत होती हे समाधानकारकरीत्या सिद्ध झाले नाही, असे सत्र न्यायालयाने ठरवले, आणि एकदा ते ठरल्यावर तिची संमती होती का, हा प्रश्न उघडा झाला. सत्र न्यायालयाने आरोपींना सोडले. मुंबई उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठाने १९७६ मध्ये शिक्षा दिली आणि म्हटले की मुकाट्याने सोसणे म्हणजे संमती देणे नव्हे. रात्रीच्या वेळी पोलीस चौकीत पोलिसांपुढे ती मुलगी काय विरोध करणार? सर्वोच्च न्यायालयाने १९७८ मध्ये हा निकाल उलटवला. अंगावर जखमा नाहीत, आरडाओरडीचा पुरावा नाही, यावरून संमती होती असे मानले गेले. पुढच्या वर्षी उपेंद्र बक्षी, लोतिका सरकार, रघुनाथ केळकर आणि वसुधा धगमवार या चार कायदेतज्ज्ञांनी सरन्यायाधीशांना खुले पत्र लिहिले. देशभर आंदोलन उभे राहिले आणि १९८३ मध्ये कायदा बदलला. कोठडीतल्या बलात्कारासारख्या प्रकरणांत शरीरसंबंध सिद्ध झाला आणि संमती नव्हती असे स्त्रीने सांगितले, तर न्यायालयाने तसे गृहीत धरावे, हे साक्ष अधिनियमाचे कलम ११४ अ तेव्हा आले. पीडितेचे नाव छापण्यावर बंदीही तेव्हाच आली. तिचे नाव अनेकांना ठाऊक आहे. या पुस्तकात ते येणार नाही आणि दुसऱ्या कोणत्याही पीडित मुलाचे किंवा मुलीचेही येणार नाही.

त्याच १९८३ मध्ये भरवाडा भोगिनभाई हिरजीभाई विरुद्ध गुजरात राज्य या निकालात न्यायमूर्ती एम. पी. ठक्कर यांनी विसंगतींकडे कसे पाहावे याचा पाठच घालून दिला. माणसाची स्मृती छायाचित्रासारखी नसते. एकाच घटनेतले वेगवेगळे तपशील वेगवेगळ्या माणसांच्या लक्षात राहतात. वेळेचा, अंतराचा, क्रमाचा अंदाज चुकतो. न्यायालयाच्या वातावरणाने आणि उलटतपासाच्या माऱ्याने माणूस गोंधळतो. म्हणून गाभ्याला धक्का न लावणाऱ्या बारीकसारीक तफावतींवर सगळी साक्ष फेकून देऊ नये. आपल्या समाजात मुलगी किंवा तिचे आईबाप स्वतःची अब्रू पणाला लावून खोटी तक्रार सहसा करणार नाहीत, असा युक्तिवादही त्या निकालात होता. पहिला भाग आजही तितकाच भक्कम आहे. दुसऱ्या भागाबद्दल मात्र सावध राहायला हवे, असे मला वाटते. मुलाच्या साक्षीवर विश्वास ठेवायचा तर तो त्या साक्षीच्या बळावर. समाज अब्रूला किती जपतो यावर नव्हे.

१९९६ चा पंजाब राज्य विरुद्ध गुरमीत सिंग हा निकाल अपिलात पुरावा तोलण्याचा नमुना म्हणून वाचावा. दहावीची परीक्षा देणाऱ्या, सोळाच्या आतल्या मुलीला पळवून नेऊन अत्याचार केल्याचा आरोप होता. खालच्या न्यायालयाने आरोपींना सोडताना कारणे दिली ती अशी : गाडीत घातले तेव्हा ती ओरडली नाही, दुसऱ्या दिवशी परीक्षेला बसली तेव्हा शिक्षिकेला किंवा मैत्रिणींना काही बोलली नाही, गाडीचा नेमका प्रकार तिला सांगता आला नाही. वर तिच्या चारित्र्यावर शेराही मारला. सर्वोच्च न्यायालयाने एकेक कारण घेऊन खोडून काढले. धमकावलेली मुलगी ओरडत नाही. बदनामीच्या भीतीने शाळकरी मुलगी मैत्रिणींजवळ बोलत नाही. घरी जाऊन आईला सांगते, आणि तिने तेच केले. गाडीच्या बनावटीचे अज्ञान हा खोटेपणाचा पुरावा नव्हे. या प्रकरणात संशय पुराव्यातून आला नव्हता. मुलीने कसे वागायला हवे होते, याबद्दलच्या न्यायाधीशाच्या कल्पनेतून आला होता. ‘संशयाचा फायदा’ हे आरोपीच्या हक्काचे तत्त्व आहे आणि ते तसेच राहिले पाहिजे. पण फायदा द्यायचा तर संशय पुराव्यातून निघालेला हवा, आपल्या अपेक्षेतून नव्हे. या पुस्तकातले सगळे निकाल वाचून माझ्या मनात पक्के झालेले सूत्र हेच आहे.

आता कसोट्यांकडे येऊ. मुलाला साक्षीदार होता येते का, यासाठी वयाची अट नाही. प्रश्न समजून त्याला सुसंगत उत्तर देता येते का, एवढेच पाहायचे; जुन्या साक्ष अधिनियमाच्या कलम ११८ मध्ये हे होते आणि १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय साक्ष्य अधिनियमाच्या कलम १२४ मध्येही आहे. दत्तू रामराव साखरे विरुद्ध महाराष्ट्र राज्य या १९९७ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की मूल सक्षम आणि त्याची साक्ष विश्वासार्ह असेल तर एकट्या त्या साक्षीवरही शिक्षा होऊ शकते. त्यासाठी साक्षीआधी न्यायाधीशाने मुलाशी थोडे बोलायचे असते : नाव काय, कितवीत आहेस, खरे बोलायचे म्हणजे काय. हे उपचार म्हणून उरकले तर काय होते, ते प्रदीप विरुद्ध हरियाणा राज्य या २०२३ च्या खुनाच्या खटल्यात दिसले. प्राथमिक प्रश्न अपुरे होते आणि मुलाला पढवल्याची शक्यता नाकारता येत नव्हती. सर्वोच्च न्यायालयाने शिक्षा रद्द केली. उलट २०२५ च्या मध्य प्रदेश राज्य विरुद्ध बलवीर सिंग या निकालात, आईचा खून पाहणाऱ्या सात वर्षांच्या मुलीची साक्ष नाकारून उच्च न्यायालयाने दिलेली सुटका रद्द झाली. मूल पढवता येते, एवढ्याने ते पढवलेले आहे असे ठरत नाही. पढवणी झाली असे म्हणायचे तर साक्षीत तिच्या खुणा दाखवता आल्या पाहिजेत.

पढवणीच्या खुणा म्हणजे काय? मोठ्यांच्या तोंडचे शब्द, कायद्याच्या कलमासारखी वाक्ये, पोलिसांच्या जबाबात नसलेली आणि खटल्याच्या सोयीची नेमकी माहिती साक्षीत अचानक उगवणे. उलटपक्षी, न विचारलेला एखादा तपशील, मुलाच्याच उंचीवरून दिसणारी गोष्ट, मुलाच्याच भाषेत शरीराचे केलेले वर्णन साक्षीला बळ देते. जबाबात एखादी गोष्ट राहून गेली, ज्याला वकील ‘ओमिशन’ म्हणतात, तर ती गाभ्यातली आहे की कडेची, हे पाहावे लागते. आणि तो जबाब कोणी, कुठे, कसा लिहून घेतला हेही. लैंगिक गुन्ह्यांपासून बालकांना संरक्षण देणाऱ्या आणि १४ नोव्हेंबर २०१२ पासून लागू झालेल्या पोक्सो कायद्याने सांगितले की जबाब मुलाच्या घरी किंवा त्याला सोयीच्या जागी, शक्यतो महिला उपनिरीक्षकाने, गणवेश न घालता घ्यावा. न्यायालयात प्रश्न न्यायाधीशामार्फत विचारावेत, मुलाला वारंवार बोलावू नये, आरोपी त्याच्या नजरेसमोर येऊ नये. हा कायदा मुलगे आणि मुली दोघांनाही सारखाच लागू आहे. या तरतुदींकडे मुलावरची मेहेरबानी म्हणून पाहणे चूक आहे. त्या पाळल्या की कागदावर उतरणारी साक्ष अधिक खरी उतरते, आणि निर्दोष आरोपीलाही त्याचाच उपयोग होतो. पुढे महाराष्ट्रातूनच गेलेल्या एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २०२२ मध्ये असुरक्षित साक्षीदारांसाठी प्रत्येक जिल्ह्यात स्वतंत्र साक्षकेंद्रे उभारण्याचे आदेश दिले.

उशिरा तक्रार हा प्रत्येक अपिलातला ठरलेला मुद्दा. हिमाचल प्रदेशातल्या एका प्रकरणात जवळच्याच नातलगाविरुद्धची गोष्ट मुलीने सुमारे तीन वर्षांनी सांगितली. उच्च न्यायालयाने आरोपीला सोडले, सर्वोच्च न्यायालयाने शिक्षा पुन्हा दिली. घरातल्या माणसाने धमकावलेले मूल बोलत नाही, आणि जे घडले ते काय होते हेच त्याला अनेकदा नंतर कळते. वैद्यकीय पुराव्याचेही तसेच. जखमा असतील तर दुजोरा मिळतो. नसतील तर काही घडलेच नाही असे सिद्ध होत नाही. तथाकथित ‘दोन बोटांची चाचणी’ सर्वोच्च न्यायालयाने २०१३ मध्ये लिलू प्रकरणात चुकीची ठरवली आणि ३१ ऑक्टोबर २०२२ रोजी, ती करणारा गैरवर्तनाचा दोषी ठरेल, असे बजावले. तरीही जुन्या खटल्यांच्या कागदांत ती भेटत राहते. अपिलात तिला शून्य किंमत द्यायची असते.

वयाचा पुरावा ही वेगळी लढाई. पोक्सोखाली १८ च्या आत संमतीला अर्थ नाही, म्हणून वय सिद्ध होणे न होणे यावर सगळा खटला उभा राहतो किंवा कोसळतो. क्रम ठरलेला आहे : आधी शाळेचा जन्मतारखेचा दाखला किंवा दहावीचे प्रमाणपत्र, ते नसेल तर महापालिका, नगरपालिका किंवा ग्रामपंचायतीचा जन्मदाखला, आणि हेही नसेल तरच हाडांची तपासणी. हाडांच्या तपासणीत दोनेक वर्षांचा फरक दोन्हीकडे पडू शकतो. पी. युवाप्रकाश प्रकरणात २०२३ मध्ये नुसता शाळा बदलल्याचा दाखला पुरेसा नाही, असे म्हणून सर्वोच्च न्यायालयाने शिक्षा रद्द केली. शाळेच्या रजिस्टरात पहिलीच्या प्रवेशावेळी गुरुजींनी १ जून ही जन्मतारीख टाकली असेल, तर ती कोणाच्या सांगण्यावरून टाकली, हे सांगणारे कोणीतरी साक्षीला यावे लागते. महाराष्ट्रातल्या कुठल्याही जुन्या शाळेचे रजिस्टर पाहिलेल्या माणसाला हा मुद्दा किती खरा आहे ते कळेल.

पोक्सोच्या कलम २९ आणि ३० मुळे आरोपीविरुद्ध गृहीतक धरले जाते. याचा अर्थ सरकार पक्षाने काहीच सिद्ध करायचे नाही असा नाही. घटना घडली, ती या आरोपीने केली आणि मूल १८ च्या आतले होते, हा पाया आधी पुराव्याने उभा राहिला पाहिजे. मगच गृहीतकाचे ओझे आरोपीवर जाते, असे अनेक उच्च न्यायालयांनी सांगितले आहे. कायद्याचा अर्थ लावतानाही पुराव्याचे वजन बदलते, हे नागपूरच्या प्रकरणाने दाखवले. पेरू देतो म्हणून बारा वर्षांच्या मुलीला घरात नेऊन तिच्या छातीला हात लावल्याचे मुंबई उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठाने जानेवारी २०२१ मध्ये मान्य केले. म्हणजे मुलीवर विश्वास ठेवला. पण कपड्यावरून केलेला स्पर्श पोक्सोच्या कलम ७ मध्ये बसत नाही, त्वचेचा त्वचेला स्पर्श हवा, असे म्हणून पोक्सोखालची शिक्षा काढली. भारताचे महान्यायवादी स्वतः याविरुद्ध सर्वोच्च न्यायालयात गेले. १८ नोव्हेंबर २०२१ रोजी न्यायमूर्ती लळित, भट आणि त्रिवेदी यांच्या पीठाने तो अर्थ खोडून काढला : कायद्याला महत्त्व आहे ते लैंगिक हेतूला, मध्ये कापड होते की नाही याला नव्हे. तीन वर्षांची सक्तमजुरी पुन्हा लागली.

इथवर वाचून कोणाला वाटेल की वरच्या न्यायालयाचे काम मुलाच्या बाजूने निकाल देणे हेच आहे. तसे नाही, आणि हे सांगितल्याशिवाय ही प्रस्तावना खोटी ठरेल. २००३ साली एका कुटुंबातल्या पाच जणांचा खून झाला. त्यांत पंधरा वर्षांची एक मुलगी होती, तिच्यावर बलात्कारही झाला होता. नाशिकच्या सत्र न्यायालयाने भटक्या जमातीतल्या सहा जणांना फाशी सुनावली. उच्च न्यायालयाने तिघांची फाशी कायम केली. २००९ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने पुन्हा सहाही जणांना फाशी दिली. पुढे प्रकरण नव्याने ऐकले गेले आणि ५ मार्च २०१९ रोजी त्याच न्यायालयाने सहाही जणांना निर्दोष सोडले. वाचलेल्या साक्षीदाराने सुरुवातीला पोलिसांकडच्या छायाचित्रांतून वेगळीच चार माणसे ओळखली होती. त्यांचा तपासच झाला नव्हता. सुटलेल्यांपैकी एक जण घटनेच्या वेळी स्वतःच अल्पवयीन होता. सरकारला प्रत्येकी पाच लाख रुपये भरपाई द्यायला लावली. त्या पंधरा वर्षांच्या मुलीला यातून काय न्याय मिळाला? गुन्हा जितका भयानक, तितका आरोपी लवकर सापडावा हा दबाव मोठा, आणि तितकाच पुरावा कडक तपासण्याची गरज मोठी. २०१९ पासून पोक्सोमध्ये फाशीची तरतूद आल्यावर ही गरज आणखी वाढली आहे. चुकीच्या माणसाला शिक्षा झाली की खरा गुन्हेगार मोकळा राहतो आणि मुलाची फसवणूक दुसऱ्यांदा होते.

सगळ्यांत अवघड अपिले किशोरवयातल्या प्रेमाची. मुलगी सोळा-सतराची, मुलगा वीसचा, पळून जाऊन संसार थाटलेला, फिर्याद बापाची आणि साक्षीत मुलगी मुलाच्या बाजूने. कायद्यात संमतीला जागा नाही, पण पुराव्यात तीच पानोपानी दिसते. सप्टेंबर २०२३ मध्ये विधी आयोगाने आपल्या २८३ व्या अहवालात संमतीचे वय १८ वरून खाली आणू नये असे सांगितले. मात्र १६ ते १८ या वयातल्या अशा प्रकरणांत शिक्षेबाबत न्यायालयाला विवेक वापरू द्यावा, असे सुचवले. त्याच वर्षी कलकत्ता उच्च न्यायालयाने चौदा वर्षांच्या मुलीच्या प्रकरणात आरोपीला सोडताना किशोरवयीन मुलींनी कसे वागावे याबद्दल उपदेश केला. न्यायमूर्ती अभय ओक आणि न्यायमूर्ती उज्जल भुयान यांच्या पीठाने ऑगस्ट २०२४ मध्ये ती सुटका रद्द केली, आणि निकालात उपदेशाला जागा नाही असे बजावले. पण मे २०२५ मध्ये, तोवर त्या मुलीचे सगळे आयुष्य त्या माणसाशी आणि मुलाशी बांधले गेले आहे आणि व्यवस्थेने तिला वेळोवेळी वाऱ्यावर सोडले हे पाहून, राज्यघटनेच्या कलम १४२ चा अधिकार वापरत त्यांनी दोष कायम ठेवून शिक्षा मात्र दिली नाही. या निकालाबद्दल जाणकारांत मतभेद आहेत आणि ते राहणार. पण दोष आणि शिक्षा हे दोन वेगळे प्रश्न वेगळे ठेवून तोलण्याची शिस्त त्यातून शिकण्यासारखी आहे.

पुस्तकातली प्रकरणे याच क्रमाने लावली आहेत : मुलाची सक्षमता, साक्षीचे वजन, दुजोरा, उशीर, वैद्यकीय पुरावा, वय, गृहीतके, आणि शेवटी शिक्षा. प्रत्येक प्रकरणात एक निकाल मुलाच्या बाजूचा आणि एक आरोपीच्या बाजूचा घेतला आहे. दोन्ही वाचल्याशिवाय कसोटी कळत नाही. २००९ पासून पीडिताला सुटकेविरुद्ध स्वतः अपील करण्याचा हक्क मिळाला आहे, आणि त्यासाठी आधी परवानगी लागत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने २०१८ मध्ये स्पष्ट केले. सरकारने अपील केले नाही म्हणून हताश झालेल्या अनेक आईबापांना हे आजही माहीत नसते. त्यांच्यापर्यंत एवढी एक गोष्ट जरी पोहोचली तरी हे पुस्तक कारणी लागले असे मी समजेन.

हे पुस्तक वकिलांनी आणि न्यायाधीशांनी तर वाचावेच. पण त्याआधी ते तालुक्याच्या ठाण्यात मुलाचा जबाब लिहून घेणाऱ्या उपनिरीक्षकाने, ग्रामीण रुग्णालयात तपासणीचा अर्ज भरणाऱ्या डॉक्टरने, शाळेच्या रजिस्टरात जन्मतारीख लिहिणाऱ्या शिक्षकाने आणि साक्ष टंकलिखित करणाऱ्या लघुलेखकाने वाचावे, अशी माझी कळकळीची विनंती आहे. अपिलातला न्याय त्यांच्या हातून सुरू होतो. मूल एकदाच सांगते, आणि तेही मोठ्या हिमतीने. पुढची वीस-तीस वर्षे न्यायालये त्यांनी लिहिलेलेच वाचत राहतात. जे ऐकले ते तसेच लिहा, जे दिसले ते लिहा, जे मुलाला सांगता आले नाही तेही तसे नमूद करा. आणि आपण, जे वर्तमानपत्रातली एक ओळ वाचून न्यायाधीशाला शाबासकी किंवा शिव्या देतो, त्यांनी निकाल पूर्ण वाचण्याची सवय लावून घ्यावी. मुलांना न्याय मिळावा असे मनापासून वाटत असेल, तर तेवढे कष्ट आपण घेतलेच पाहिजेत.